चित्र तेव्हाचं, आवाज आत्ताचा

योनास मेकासचा चित्रपट पहिल्यांदाच पाहणाऱ्याला दहा-पंधरा मिनिटांत एक शंका येते. कुणाच्या तरी घरचं चित्रीकरण चुकून आपल्यासमोर लागलंय की काय? कॅमेरा हलतो आहे, प्रकाश कधी अंगावर येतो तर कधी विझतो, माणसं येतात, हसतात, निघून जातात आणि त्यांची ओळख करून देण्याची तसदी कुणी घेत नाही. मधेच टाइपरायटरवर उमटवलेली एखादी ओळ पडद्यावर येते. मग लिथुएनियन हेलातलं इंग्रजी बोलणारा एक आवाज सुरू होतो, अडखळतो, तेच शब्द पुन्हा म्हणतो आणि गप्प होतो. ही शंका रास्त आहे आणि ती घालवायचा माझा विचारही नाही. आपल्या चित्रपटांना ‘होम मूव्ही’ म्हणण्यात मेकासला कधी कमीपणा वाटला नाही. या पुस्तकातले लेख वाचण्याआधी एवढंच ध्यानात घेतलेलं बरं की त्याच्या फितींमध्ये चित्र एका काळातलं असतं आणि आवाज दुसऱ्या. या दोहोंमध्ये जी वर्षं गेली, तोच त्याच्या चित्रपटाचा खरा ऐवज.

‘लॉस्ट लॉस्ट लॉस्ट’ हा जवळजवळ तीन तासांचा चित्रपट 1976 साली पूर्ण झाला. त्यातलं चित्रीकरण मात्र 1949 ते 1963 या काळातलं. कॅमेरा धरणारा पंचविशीतला, न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये नुकता उतरलेला निर्वासित आहे; त्याला उद्या काम मिळेल की नाही याची खात्री नाही. बोलणारा पन्नाशी ओलांडलेला, नाव झालेला माणूस आहे. तो त्या तरुणाकडे बघतो आणि कधी ‘मी’ म्हणतो, कधी ‘तो’ म्हणतो. त्या वेळी काय वाटलं होतं हे त्याला पुरतं आठवत नाही, आणि आठवत नाही हे तो लपवत नाही. लिथुएनियन निर्वासितांची सहल, नामकरणाचे समारंभ, परक्या शहरातल्या दिवाणखान्यांत रंगलेल्या देशाच्या स्वातंत्र्याच्या चर्चा, एवढंच त्या पहिल्या रिळांत आहे. चित्रित झालं तेव्हा ही सगळी वर्तमानातली धडपड होती. पाव शतकानंतर तिच्यावर आवाज चढला तेव्हा ती आठवण झाली. आठवण चित्रित करता येत नाही, चित्रित होतं ते समोरचं. मेकासच्या कामाची ही पहिली अट आहे आणि तो ती कधी मोडत नाही. त्याच्या रोजनिशीपटांत जुने प्रसंग नटांकडून उभे केलेले नाहीत, गावच्या घराचा सेट नाही, धूसर छटांची फ्लॅशबॅकची मखलाशी नाही.

त्याच्याकडे गावाचा एकही फोटो नसता तरी नवल नव्हतं. त्याचा जन्म 24 डिसेंबर 1922 रोजी उत्तर लिथुएनियातल्या बिर्झाय गावाजवळच्या सेमेनिश्कियाय या खेड्यात, शेतकऱ्याच्या घरी झाला. 1940 साली सोव्हिएत रणगाडे आले तेव्हा त्याने त्यांचा फोटो काढला आणि एका सैनिकाने फिल्म ओढून मातीत तुडवली, ही हकीकत तो जन्मभर सांगत असे. आयुष्यातला पहिला फोटो, तो असा गेला. मग जर्मन आले. बीबीसीच्या बातम्या टाइप करून वाटणाऱ्या एका भूमिगत पत्रकाशी त्याचा संबंध होता. सरपणाच्या ढिगात लपवलेला टाइपरायटर चोरीला गेला आणि आता माग आपल्यापर्यंत येणार या भीतीने 1944 च्या जुलैमध्ये तो धाकटा भाऊ आडोल्फस याला घेऊन निघाला. व्हिएन्नात शिकायला जायचं असं ठरलं होतं. जर्मनांनी गाडी वळवली आणि दोघं भाऊ हॅम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्नच्या सक्तमजुरीच्या छावणीत जाऊन पडले. आठ महिन्यांनी तिथून पळाले, डेन्मार्कच्या सीमेजवळ एका शेतावर लपून युद्ध संपण्याची वाट पाहिली. पुढची चार वर्षं वीसबाडेन आणि कासेलच्या निर्वासित छावण्यांत गेली. मधल्या काळात माइन्झच्या विद्यापीठात तत्त्वज्ञानाचं शिक्षण झालं आणि 1948 साली गावाकडच्या जगण्यावरच्या कवितांचं पुस्तक निघालं. लिथुएनियन कवितेत त्या पुस्तकाला आजही मान आहे. चित्रपटांसाठी त्याने इंग्रजी घेतली, पण कविता तो लिथुएनियनमध्येच लिहीत राहिला.

29 ऑक्टोबर 1949 रोजी निर्वासितांना घेऊन येणारं ‘जनरल हाउझ’ हे जहाज न्यूयॉर्कला लागलं. या भावांना जायचं होतं शिकागोला. तिथल्या एका बेकरीत काम ठरलेलं होतं. न्यूयॉर्क पाहिलं आणि शिकागो राहिलं. काही आठवड्यांतच उसन्या पैशांवर 16 मिलिमीटरचा बोलेक्स कॅमेरा विकत घेतला.

या यंत्राबद्दल चार शब्द जास्त लिहायला हवेत, कारण मेकासची शैली म्हणून ज्याची चर्चा होते त्यातलं बरंचसं बोलेक्सच्या पोटातून आलं आहे. बोलेक्सला बॅटरी लागत नाही, तो किल्ली देऊन चालवायचा. एकदा पूर्ण किल्ली दिली की जेमतेम अर्धा मिनिट चालतो आणि थांबतो. शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. म्हणजे लांबलचक अखंड दृश्य घेणं त्याच्या स्वभावातच नाही. उलट एक सोय आहे: एका वेळी एकच चौकट टिपता येते, फिल्म मागे गुंडाळून त्याच तुकड्यावर पुन्हा चित्रण करता येतं आणि वेगही बदलता येतो. मेकासने या सोयींचा वापर हस्ताक्षरासारखा केला. झाडाची फांदी चार चौकटी, मित्राचा चेहरा सहा, पुन्हा फांदी, मग बर्फ. 1966 मधली ‘नोट्स ऑन द सर्कस’ ही बारा मिनिटांची फीत पाहावी. झुल्यावरचे कसरतपटू, घोडे, दिवे, सगळं इतक्या झपाट्याने एकमेकांवर येतं की डोळा पकडतो तोवर पुढचं आलेलं असतं. हे जोडकाम टेबलावर बसून केलेलं नाही. सर्कशीत बसल्या जागी कॅमेऱ्यातच केलेलं आहे. काय ठेवायचं आणि काय सोडायचं याचा निर्णय डोळ्यासमोर ते घडत असतानाच झाला आहे. 

आणि गंमत अशी की याच माणसाने 1964 च्या जुलैमध्ये अँडी वॉरहॉलच्या ‘एम्पायर’साठी कॅमेरा सांभाळला होता. एम्पायर स्टेट बिल्डिंगकडे आठ तास टक लावून बघणारा, जागचा न हलणारा चित्रपट तो! 

मेकासची ही तुकड्यातुकड्यांची शैली ठरवून आलेली नाही. पहिली दहा-बारा वर्षं मेकासला ‘खरा’ चित्रपट करायचा होता. निर्वासितांवर माहितीपट काढायचा म्हणून त्याने ब्रुकलिनमधलं सगळं चित्रण केलं आणि ते डब्यांत पडून राहिलं. 1961 साली ‘गन्स ऑफ द ट्रीज’ हा कथापट केला. 1964 मध्ये लिव्हिंग थिएटरच्या ‘द ब्रिग’ या नाटकाचं चित्रण केलं, त्याला व्हेनिसला पारितोषिकही मिळालं. मधल्या वेळात हात चालू राहावा म्हणून तो रोज थोडं थोडं टिपत असे. सलग महिनाभर सवड मिळायची नाही, पाच-दहा मिनिटं मिळायची. कधी तरी त्याने हे सरावाचे तुकडे लावून पाहिले आणि ध्यानात आलं की त्याच त्या गोष्टी पुन्हा पुन्हा येताहेत: झाडं, बर्फ, खिडकी, मित्रांची जेवणं. न्यूयॉर्कमध्ये राहून हा माणूस हिवाळे गोळा करत होता. त्यातून 1969 चा ‘वॉल्डन’ आला. तीन तासांचा, ल्युमिएरला अर्पण केलेला. त्यात वेल्व्हेट अंडरग्राउंड हा बँड आहे, जॉन लेनन आणि योको ओनो आहेत, कोलोरॅडोच्या डोंगरात राहणाऱ्या चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेजचं घर आहे. प्रसिद्ध माणसं शोधत हा चित्रपट पाहणारे पुष्कळ असतात. मला त्यातली सेंट्रल पार्कची बर्फाळ दृश्यं जास्त बोलकी वाटतात. ती न्यूयॉर्कची आहेत यावर विश्वास ठेवायला आपल्याला थोडा वेळ लागतो.

मेकासच्या संस्थात्मक कामावर या पुस्तकात स्वतंत्र लेख आहेत, म्हणून इथे ते धावतं सांगतो. 1950 च्या दशकाच्या मध्यावर ‘फिल्म कल्चर’ हे नियतकालिक, 1958 पासून ‘व्हिलेज व्हॉइस’मधलं सदर, 1962 साली फिल्म-मेकर्स को-ऑपरेटिव्ह, 1970 साली अँथॉलॉजी फिल्म आर्काइव्ह्ज. को-ऑपरेटिव्हचा नियम फार साधा होता: कुणाचाही चित्रपट नाकारायचा नाही, आणि भाड्याचा मोठा वाटा करणाऱ्याच्या हातात द्यायचा. मराठी प्रायोगिक नाटकातली छबिलदासची चळवळ ज्यांनी पाहिली किंवा ऐकली आहे त्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको. एक जागा, थोड्या खुर्च्या आणि हट्टाने रोज येणारी माणसं यांवरच असल्या चळवळी उभ्या राहतात. 1964 मध्ये जॅक स्मिथचा ‘फ्लेमिंग क्रीचर्स’ दाखवला म्हणून मेकासला अटक झाली, खटला चालला आणि शिक्षा होऊन ती तहकूब झाली. एक गोष्ट मात्र आवर्जून नोंदवावीशी वाटते. हाच मेकास 1955 साली आपल्या नियतकालिकातून अमेरिकन प्रायोगिक चित्रपटांवर कोरडे ओढत होता. ते पोरकट आहेत, त्यांना जगाशी देणंघेणं नाही, असं त्याचं म्हणणं होतं. चारपाच वर्षांत तो त्यांचाच वकील झाला. या बदलाचा त्याने पुढे कधी आडपडदा ठेवला नाही.

अँथॉलॉजीचं पहिलं प्रेक्षागृहही सांगण्यासारखं आहे. पीटर कुबेल्का या ऑस्ट्रियन चित्रपटकाराने त्याची रचना केली होती. भिंती, छत, खुर्च्या, सगळं काळं. प्रत्येक खुर्चीच्या दोन्ही बाजूंना आडोसा, म्हणजे शेजारचा माणूस दिसू नये आणि पडद्याखेरीज डोळ्याला दुसरं काही उरू नये. ज्याच्या चित्रपटांत माणसं सतत दाटीवाटीने जेवायला बसलेली असतात, त्या मेकासच्या संस्थेत प्रेक्षकाला असं एकटं बसवण्याची व्यवस्था होती, हा विरोधाभास मला नेहमी मजेशीर वाटत आला आहे.

आता ‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुएनिया’कडे वळू. 1972 चा हा चित्रपट मेकासच्या कामाचा गाभा आहे असं माझं मत आहे. पहिल्या भागात पन्नाशीच्या दशकातलं ब्रुकलिन. दुसऱ्या भागात 1971 चा ऑगस्ट: सत्तावीस वर्षांनी दोघं भाऊ गावी परततात. हा भाग शंभर क्रमांकांच्या तुकड्यांत मांडला आहे. पडद्यावर आकडा येतो, मग एक झलक, मग पुढचा आकडा. घराबाहेर चूल मांडून आई बटाट्याची धिरडी करते आहे. विहिरीचं पाणी काढून पितात. भाऊबंद जमतात, गाणी होतात, म्हाताऱ्या झालेल्या माणसांना तरुणपणी करत असलेली शेतीची कामं कॅमेऱ्यासमोर करून दाखवायची हौस येते. सगळं खरं आणि सगळं थोडं नाटकी, कारण सत्तावीस वर्षांनी आलेल्या मुलासमोर दुसरं काय करणार?

या प्रवासात बोलेक्स बिघडला होता. त्याचा वेग एकसारखा राहत नव्हता, त्यामुळे एकाच दृश्यात प्रकाश वर-खाली होत राहतो. दुरुस्तीला वेळ नव्हता. मेकासने ठरवलं की हा दोष आहे तसाच वापरायचा, आणि प्रकाशाचा तो चढउतार हाताशी धरूनच त्याने चित्रण केलं. आई चुलीपाशी वाकते आणि तिच्यावरचा उजेड अचानक पांढराफटक होतो. पाहणाऱ्याला ते जाणीवपूर्वक केलेलं काव्य वाटतं. मूळ कारण यांत्रिक होतं. दोन्ही खरं आहे.

लिथुएनिया तेव्हा सोव्हिएत संघात होता, शेतं सामूहिक झाली होती. सोव्हिएत लिथुएनिया कसा आहे हे कळेल म्हणून हा चित्रपट पाहणाऱ्याच्या हाती फारसं लागत नाही, आणि मेकास आवाजात तसं कबूलही करतो: आपण इथे आपलं लहानपण शोधायला आलो, आजचा देश आपल्याला दिसला नाही. तिसऱ्या भागात तो एल्म्सहॉर्नला जातो. छावणीच्या जागी गवत आहे, आसपास मुलं पळताहेत, इथे काय होतं ते त्यांना ठाऊक नाही. मग व्हिएन्ना: सत्तावीस वर्षांपूर्वी जिथे पोचायचं होतं तिथे तो अखेर पोचतो, कुबेल्का आणि इतर मित्रांसोबत. कुटुंब, भाषा, गाव या गोष्टींनी जी ओळख बनते ती दुसऱ्या भागात आहे. तिसऱ्या भागातली ओळख निवडलेली आहे, मित्रांची. मेकासला दोन्ही हव्यात आणि दोहोंपैकी कुठेही तो पुरता मावत नाही. 2006 साली अमेरिकेच्या नॅशनल फिल्म रजिस्ट्रीने हा चित्रपट जतनासाठी निवडला. गाव सुटलेल्या माणसाचा गावावरचा चित्रपट अमेरिकेचा राष्ट्रीय ठेवा ठरला!

त्या शंभर झलकांत काय नाही, हेही सांगायला हवं. बिर्झायमध्ये ज्यूंची मोठी वस्ती होती. ऑगस्ट 1941 मध्ये गावाजवळच्या जंगलात जर्मनांनी आणि त्यांच्या स्थानिक साथीदारांनी सुमारे 2,400 ज्यूंना गोळ्या घातल्या. मेकास तेव्हा अठरा वर्षांचा होता. त्याच्या गावभेटीच्या चित्रपटात याचा मागमूस नाही. 2018 साली मायकल कॅस्पर या इतिहासाच्या अभ्यासकाने ‘न्यूयॉर्क रिव्ह्यू ऑफ बुक्स’मध्ये लेख लिहून दाखवलं की जर्मन ताब्याच्या काळात मेकास ज्या स्थानिक वृत्तपत्रांत काम करत होता, त्यांत नाझीधार्जिणा आणि ज्यूद्वेषी मजकूर छापला जात असे. मेकासने स्वतः तसलं काही लिहिल्याचं कॅस्परचं म्हणणं नव्हतं. त्याचं लेखन कवितांचं आणि वाङ्मयाविषयीचं होतं. प्रश्न होता तो पुढच्या सत्तर वर्षांत सांगितलेल्या गोष्टींचा, तारखांच्या सरमिसळीचा आणि मौनाचा. पंचाण्णव वर्षांचा मेकास तेव्हा हयात होता. त्याने उत्तरं दिली; ती अनेकांना पटली, अनेकांना नाही. 23 जानेवारी 2019 रोजी न्यूयॉर्कमध्ये तो वारला.

कॅस्परच्या लेखानंतर मेकासला बाजूला सारणारे निघाले तसे, हा विषय काढणंच असभ्यपणा आहे असं मानणारेही निघाले. दोन्ही गट मला घाईचे वाटतात. रोजनिशी ही साक्ष नव्हे. रोजनिशी लिहिणारा स्वतःला वाचवत असतो, आणि युद्धातून उरलेला माणूस तर अधिकच. मात्र हेही खरं की मेकासने आपल्या चित्रपटांना आठवणीचं नाव दिलं, आणि ज्याने चित्र व आवाज यांमधली फट उघडी ठेवायला आपल्याला शिकवलं त्याच्याकडे दुसऱ्या फटींबद्दल विचारणा होणारच. आईच्या चुलीचा उजेड आणि काही कोसांवरचं ते जंगल एकाच मुलखात आहेत. ‘रेमिनिसन्सेस’ आज पाहताना मला ते जंगल चौकटीबाहेर जाणवत राहतं. त्यामुळे चित्रपट लहान होत नाही. पाहणं अवघड होतं, आणि ते तसंच व्हायला हवं. या पुस्तकातल्या दोन लेखांची या मुद्द्यावर एकमेकांशी उघड असहमती आहे. संपादकांनी ती मिटवली नाही याबद्दल त्यांचे आभार.

शेवटच्या मोठ्या चित्रपटाचं नाव दमछाक करणारं आहे: ‘ॲज आय वॉज मूव्हिंग अहेड ऑकेजनली आय सॉ ब्रीफ ग्लिम्प्सेस ऑफ ब्यूटी’. वर्ष 2000, लांबी पावणेपाच तासांहून थोडी अधिक. तीस वर्षांचं घरचं चित्रण, बायको, मुलांचे जन्म, मांजर, सहली, वाढदिवस. रिळं कालक्रमाने लावायला त्याने सुरुवात केली आणि सोडून दिली. फळीवरून हाताला येईल तसं जोडत गेला, कारण आपलं आयुष्य कुठे सुरू होतं आणि कुठे संपतं हे आपल्याला कळलेलं नाही, असं तो सुरुवातीलाच सांगतो. मुलगी एका दृश्यात चालते, पुढच्यात पाळण्यात असते. या चित्रपटात काहीच घडत नाही, असं तो पाट्या लावून प्रेक्षकाला बजावत राहतो आणि मधेमधे त्याच्या सहनशक्तीची चौकशी करतो. इथे सूर बदललेला आहे. ‘लॉस्ट लॉस्ट लॉस्ट’मधला आवाज हरवलेल्या देशासाठी झुरतो, हा आवाज मध्यरात्री एकट्याने खोलीत बसून, गेलेल्या सुखाचा हिशोब न मागता ते पुन्हा पाहतो. मला पाच तासांतला एखादा तास जास्त वाटतो, हेही सांगून टाकतो. काही उन्हाळे एकमेकांची नक्कल करतात. मात्र कुठला तास कापावा असं कुणी विचारलं तर उत्तर देता येणार नाही.

2007 साली, ऐंशी ओलांडल्यावर, त्याने वर्षभर रोज एक छोटी फीत करून लोकांसमोर ठेवली. कॅमेरा आता डिजिटल होता आणि किल्ली द्यावी लागत नव्हती. चित्र आणि आवाज एकाच वेळी नोंदले जाऊ लागले, त्यांच्यातली वर्षं संपली. या फितींत जिव्हाळा आहे, मिस्कीलपणा आहे, पण जुन्या चित्रपटांचा तो ताण नाही, असं माझं मत आहे. ज्यांना तो तिथेही सापडतो त्यांचा लेख या पुस्तकात शेवटून दुसरा आहे.

ज्यांनी मेकासचं अजून काहीच पाहिलेलं नाही त्यांनी ‘रेमिनिसन्सेस’पासून सुरुवात करावी, दीड तासात आवरतो. मग ‘लॉस्ट लॉस्ट लॉस्ट’ची निदान पहिली दोन रिळं. ‘वॉल्डन’ सलग पाहण्याची सक्ती नाही, रिळागणिक थांबलं तरी काही बिघडत नाही. शक्य असेल तेव्हा मोठ्या पडद्यावर पाहावं, कारण एकेका चौकटीची ती लगबग फोनच्या पडद्यावर आणि मंद इंटरनेटवर चक्क चिखल होते. आवाजासाठी मात्र हेडफोन लावायला हरकत नाही. तो रात्री, माइकजवळ तोंड नेऊन, बहुधा एकाच माणसाशी बोलल्यासारखा नोंदलेला आहे.